एरिख पॉमर : कॅमेऱ्यामागच्याही मागे

आपल्याकडे ‘निर्माता’ म्हटलं की डोळ्यांसमोर येतो तो पैसे घालणारा शेठ. कथा लेखकाची, सिनेमा दिग्दर्शकाचा, टाळ्या नटाच्या आणि बुडाले तर पैसे निर्मात्याचे, अशी साधारण वाटणी. चित्रपटावर लिहिणारे आम्हीही याला हातभारच लावतो. परीक्षणात निर्मात्याचं नाव आलंच तर ते कंसात येतं.

जर्मन मूकपटांबद्दल वाचताना मात्र ही वाटणी मला हळूहळू खटकायला लागली. ‘डॉ. कालिगारी’ रॉबर्ट वीनचा. ‘डॉ. माबुझे’, ‘निबेलुंगेन’ आणि ‘मेट्रोपोलिस’ फ्रित्झ लांगचे. ‘शेवटचा माणूस’ आणि ‘फाउस्ट’ मुर्नाऊचे. ‘व्हारिएटे’ ड्यूपाँचा, ‘निळा देवदूत’ म्हणजे ‘द ब्लू एंजल’ स्टर्नबर्गचा. ही माणसं एकमेकांसारखी अजिबात नव्हती. लांग आणि मुर्नाऊ यांच्या स्वभावात आणि शैलीत तर कमालीचं अंतर. तरीही यातल्या बहुतेक चित्रपटांच्या मागे एकच नाव सापडतं, एरिख पॉमर. बारा-तेरा वर्षांत एकाच माणसाच्या टेबलावरून इतके चित्रपट गेले असतील, तर त्या टेबलावर नेमकं काय चालत होतं हे पाहायला हवं.

पॉमरचा जन्म 20 जुलै 1889चा, हिल्डेसहाइम गावातल्या ज्यू कुटुंबातला. 1907मध्ये, म्हणजे अठराव्या वर्षी, तो फ्रान्सच्या गोमों कंपनीच्या बर्लिन शाखेत लागला. पुढे गोमोंचं व्हिएन्नाचं काम, मग एक्लेर या दुसऱ्या फ्रेंच कंपनीचं मध्य युरोपातलं प्रतिनिधित्व. हा तपशील मला महत्त्वाचा वाटतो. हा माणूस रंगभूमीवरून आला नाही, साहित्यातून आला नाही. तो विक्रीतून आला. चित्रपट कुठल्या गावात चालतो, कुठल्या देशात अडतो आणि थिएटरवाला काय म्हणतो, हे त्याला आधी कळलं. चित्रपट कसा बनतो ते नंतर.

1914मध्ये युद्ध लागलं आणि एका रात्रीत त्याची कंपनी शत्रूची ठरली. त्यातून 1915 साली ‘डेक्ला’ उभी राहिली. नाव ‘डॉइचे एक्लेर’चं लघुरूप, म्हणजे फ्रेंच कंपनीचंच जर्मन बारसं. पॉमर स्वतः तेव्हा सैन्यात होता. तो जखमी झाला, त्याला आयर्न क्रॉस मिळाला आणि पुढे लष्कराच्या चित्रपट खात्यात त्याची रवानगी झाली. तो आयर्न क्रॉस लक्षात ठेवावा, पुढे त्याचा काही उपयोग झाला नाही.

युद्ध हरलेल्या जर्मनीचा चित्रपट बाहेर कुणी घ्यायला तयार नव्हतं. जेत्या देशांत जर्मन मालावर उघड बहिष्कार होता. अशा वेळी कार्ल मायर आणि हान्स यानोवित्झ या दोन तरुणांची एक पटकथा डेक्लाकडे आली : जत्रेत खेळ करणारा डॉक्टर, त्याच्या पेटीत झोपलेला माणूस आणि गावात पडणारे खून. वायसेनझेमधल्या एका लहानशा स्टुडिओत 1919-20च्या हिवाळ्यात हा चित्रपट झाला. हेरमान वार्म, वाल्टर रायमान आणि वाल्टर र्‍योरिग यांनी वाकड्या भिंती, तिरक्या खिडक्या, इतकंच काय सावल्यासुद्धा कापडावर रंगवल्या. 26 फेब्रुवारी 1920 रोजी बर्लिनच्या मार्मोरहाउसमध्ये तो लागला.

या रंगवलेल्या पडद्यांचं श्रेय कुणाचं, यावर गेली शंभर वर्षं भांडण आहे. पॉमरच्या सांगण्याचा रोख असा की लेखकांच्या डोक्यात प्रयोग होता, आपल्या डोक्यात खर्च होता. रंगवलेलं कापड स्वस्त पडतं. वार्मने मात्र पुढे आग्रहाने सांगितलं की या शैलीला होकार देणारा माणूस डेक्लातला दुसराच, रुडॉल्फ माइनर्ट. यानोवित्झची तक्रार आणखी वेगळी. आपली कथा सत्तेच्या विरोधातली होती, पण तिला वेड्यांच्या इस्पितळाची चौकट घालून निर्मात्यांनी तिचे दात काढले, असं त्याचं म्हणणं. झीगफ्रीड क्राकाउअरने 1947च्या आपल्या प्रसिद्ध पुस्तकात ही तक्रार जशीच्या तशी उचलली आणि तिच्यावर जर्मन मनाची एक अख्खी मीमांसा उभी केली. पुढे या चित्रपटातला नट वेर्नर क्राउस याच्याकडची पटकथेची प्रत हाती आली. तिच्यात मूळचीच एक चौकट निघाली, फक्त ती वेगळी होती. म्हणजे दात काढल्याची गोष्ट निदान सांगितली गेली तितकी सरळ नव्हती.

मला विचाराल तर श्रेयाच्या या भांडणातच निर्मात्याचं काम दिसतं. कल्पना त्याची नसते. पण ‘हे वेडेपण करू या’ किंवा ‘नको’ हे कुणीतरी म्हणावं लागतं आणि म्हटल्यानंतर ते विकावं लागतं. ‘तुम्हाला कालिगारी व्हायलाच हवं’ अशा अर्थाची गूढ वाक्यं चित्रपटाआधी बर्लिनच्या भिंतींवर लागली होती. एप्रिल 1921मध्ये तो न्यूयॉर्कच्या कॅपिटॉल थिएटरात लागला. हॉलिवूडशी पैशात बरोबरी करता येत नसेल तर त्यांच्याकडे नाही ते न्यावं, असा हा व्यापारी हिशेब होता. आज आपण ज्याला ‘जर्मन अभिव्यक्तिवादी सिनेमा’ म्हणून अभ्यासक्रमात शिकवतो, त्याच्या मुळाशी निर्यातीचा हा विचारही आहे. कलेच्या इतिहासकारांना हे थोडं अवघड जातं.

पॉमरला आणखी एका गोष्टीची साथ होती, ती म्हणजे चलनफुगवट्याची. मार्क रोज घसरत होता. मजुरी, लाकूड, कापड, जमावाच्या दृश्यातली माणसं यांचा खर्च मार्कात आणि परदेशी विक्री डॉलरात. एक चित्रपट बाहेर विकला की पुढच्याची सोय व्हायची. डेक्लाचं आधी बायोस्कोपशी विलीनीकरण झालं, 1921मध्ये ती ‘उफा’ या महाकाय कंपनीत गेली आणि 1923मध्ये पॉमर उफाचा निर्मितीप्रमुख झाला. त्याच वर्षाच्या नोव्हेंबरात मार्क स्थिर केला गेला. देश वाचला, पण उफाचं गणित तिथून बिघडायला सुरुवात झाली.

बाहेरून ते दिसत नव्हतं. 1924 ते 1926 या काळात बाबेल्सबर्गच्या स्टुडिओत जे चाललं होतं, तसं काम जगात त्या वेळी फार कमी ठिकाणी होत असेल. ‘शेवटचा माणूस’मध्ये कार्ल फ्रॉइंडने कॅमेरा तिपाईवरून काढून अंगाला बांधला. एका हॉटेलच्या दारवानाची वर्दी काढून घेतली जाते, एवढ्याच गोष्टीवरचा हा चित्रपट जवळजवळ एकही मजकूरपाटी न दाखवता उभा राहतो. एक पाटी येते ती शेवटी : खरं तर इथे गोष्ट संपायची, पण लेखकाला दया आली, अशा आशयाची. मग म्हाताऱ्याला घबाड मिळतं. हा गोड शेवट कुणाच्या आग्रहाने आला यावरही वाद आहे आणि पहिला संशय अर्थात निर्मात्यांवर. मला मात्र तो शेवट आवडतो. त्यातली थट्टा इतकी उघड आहे की तडजोडीलाच कुणीतरी हसतंय असं वाटतं.

पॉमरची पद्धत दिग्दर्शकाला वेळ देण्याची होती. माणसं जमवायची, त्यांना एकत्र ठेवायचं, पटकथेपासून नेपथ्यकार आणि छायालेखक यांना चर्चेत बसवायचं आणि चित्रीकरण लांबलं तर वरच्यांना तोंड द्यायचं. ही पद्धत कुठवर ताणता येते ते ‘मेट्रोपोलिस’ने दाखवलं. मे 1925मध्ये सुरू झालेलं चित्रीकरण ऑक्टोबर 1926पर्यंत चाललं. दीड दशलक्ष मार्कांचा अंदाज पाच दशलक्षांच्या पुढे गेला. ‘मेट्रोपोलिस’ने उफा बुडवली असं सर्रास लिहिलं जातं. ते सोपं वाक्य आहे, पण पुरेसं नाही. कंपनी आधीच कर्जात होती. थिएटरं विकत घेण्याचा सपाटा, बँकांची देणी, स्थिर मार्कामुळे गेलेला निर्यातीचा फायदा, सगळं एकत्र आलं. डिसेंबर 1925मध्ये उफाने पॅरामाउंट आणि मेट्रो-गोल्डविन यांच्याकडून चार दशलक्ष डॉलर उचलले आणि बदल्यात आपल्या थिएटरांचे पडदे मोठ्या प्रमाणात अमेरिकन चित्रपटांना दिले. तीन कंपन्यांच्या नावांचे तुकडे जोडून या कराराला ‘पारुफामेट’ म्हणतात. हॉलिवूडला टक्कर द्यायला निघालेली कंपनी हॉलिवूडचीच गिऱ्हाईक झाली.

जानेवारी 1926मध्ये पॉमर उफातून बाहेर पडला. 10 जानेवारी 1927 रोजी ‘मेट्रोपोलिस’ प्रदर्शित झाला तेव्हा तो अमेरिकेत पॅरामाउंटसाठी पोला नेग्रीचे चित्रपट करत होता. तिथली पद्धत त्याने नीट पाहिली : दिवसाचा हिशेब, आधीच बांधलेलं वेळापत्रक, निर्मात्याचा संकलनापर्यंतचा हात. इकडे उफा बुडता बुडता आल्फ्रेड हुगेनबर्ग या कट्टर राष्ट्रवादी वृत्तपत्रमालकाने विकत घेतली. आणि गंमत अशी की या नव्या मालकांना, आपल्या राजकारणाला न रुचणारा हा ज्यू निर्माता परत हवा होता. कारण चित्रपट कसा करायचा आणि विकायचा हे त्याला येत होतं. पॉमर परतला, पण बदलून. आता तो वेळापत्रक पाळायचा.

याच दुसऱ्या पर्वात बोलपट आला. 1 एप्रिल 1930 रोजी ‘द ब्लू एंजल’ लागला. मूळ कादंबरी हाइनरिश मानची, म्हणजे हुगेनबर्गच्या वर्तुळाला डोळ्यांत खुपणाऱ्या लेखकाची. दिग्दर्शक अमेरिकेतून बोलावलेला. नाव एमिल यानिंग्सचं, आणि लोकांनी पाहिली ती मार्लेन डीट्रिश. उफाने तिला पुढे करारात धरून ठेवलं नाही. पहिल्या खेळाच्या रात्रीच ती अमेरिकेला निघाली. पॉमरच्या कारकिर्दीतली सगळ्यात प्रसिद्ध नटी त्याच्या मालकांनी अशी हातची घालवली.

बोलपटाने भाषेची भिंत उभी केली. विक्रीतून आलेल्या माणसाला ती आधी दिसणारच. त्यावर उफाने धरलेला मार्ग म्हणजे एकच चित्रपट तीन भाषांत करणं. त्याच सेटवर, तेच कपडे, तोच कॅमेरा. जर्मन नट उतरले की फ्रेंच नट चढायचे, मग इंग्रज. ‘एफ.पी. 1’मध्ये एकच भूमिका जर्मनमध्ये हान्स आल्बर्स, इंग्रजीत कोनराड फाइट आणि फ्रेंचमध्ये शार्ल ब्वाये करतो. ‘द काँग्रेस डान्सेस’मध्ये लिलियन हार्वी मात्र तिन्हीकडे तीच, कारण तिन्ही भाषा तिला येत होत्या. मराठी वाचकाला हे नवं वाटू नये. प्रभातचा ‘अयोध्येचा राजा’ 1932मध्ये मराठी आणि हिंदी असा दुहेरीच झाला होता. बाबेल्सबर्ग आणि कोल्हापूर यांच्यापुढचा प्रश्न एकच होता : आपल्या भाषेचा बाजार खर्च भरून काढायला पुरत नाही, मग काय करायचं?

आणि हे धागे खरोखर जुळलेलेही होते. हिमांशू राय यांचे ‘शिराझ’ आणि ‘प्रपंच पाश’ हे मूकपट उफाच्या भागीदारीत झाले. ते आणि देविका राणी काही काळ उफाच्या वर्तुळात वावरले आणि 1934मध्ये मालाडला बॉम्बे टॉकीज उभारताना त्यांनी दिग्दर्शक फ्रान्झ ओस्टेन, छायालेखक योसेफ विर्शिंग अशी जर्मन माणसंच आणली. शांतारामबापू 1933मध्ये ‘सैरंध्री’च्या रंगीत प्रती काढायला जर्मनीत गेले. रंग मनासारखे उतरले नाहीत, पण तिथले चित्रपट पाहून ते परतले आणि 1934च्या ‘अमृतमंथन’मध्ये चंद्रमोहनचा तो एक डोळा पडदाभर उघडला. प्रकाश-अंधाराचं ते वळण कुठून आलं हे वेगळं सांगायला नको. बापू जर्मनीत पोचले त्याच वर्षी, ज्यांनी ती भाषा घडवली ती माणसं देश सोडत होती.

28 मार्च 1933 रोजी गोबेल्सने बर्लिनच्या कायझरहोफ हॉटेलात चित्रपट व्यवसायातल्या मंडळींपुढे भाषण केलं. दुसऱ्याच दिवशी, 29 मार्चला, उफाच्या संचालक मंडळाची बैठक झाली. ज्यू कर्मचाऱ्यांशी असलेले करार शक्य तितके संपवायचे, असं ठरलं. इतिवृत्तात नावं आहेत. पॉमरचं आहे. ‘द काँग्रेस डान्सेस’चा दिग्दर्शक एरिक शारेलचं आहे. ‘द ब्लू एंजल’च्या पटकथाकारांपैकी रॉबर्ट लीबमानचं आहे.

या तारखेपाशी थोडं थांबायला हवं. ज्यू दुकानांवरचा बहिष्कार 1 एप्रिलचा. ज्यूंना सरकारी नोकरीतून काढणारा कायदा 7 एप्रिलचा. म्हणजे 29 मार्चला उफाला हे करायला लावणारा कुठलाही कायदा अस्तित्वात नव्हता. एका खाजगी कंपनीच्या संचालकांनी वाऱ्याची दिशा पाहिली आणि आपल्या सगळ्यात यशस्वी निर्मात्याला काढलं. ज्याच्या चित्रपटांनी आपले वर्षाचे हिशेब सुधारले हे त्यांना आकडेवारीनिशी माहीत होतं, त्याला. टेबलाभोवती बसलेले ते लोक रस्त्यावरचे तपकिरी शर्टवाले नव्हते. सुशिक्षित, कायदा जाणणारे, कालपर्यंत पॉमरशी हस्तांदोलन करणारे होते. आयर्न क्रॉस असलेला माणूस आहे, याने काही फरक पडला नाही. मला ‘कालिगारी’च्या वाकड्या भिंतींपेक्षा हे नीट टाइप केलेलं इतिवृत्त जास्त भीतिदायक वाटतं.

लीबमान फ्रान्सला गेला, पुढे आउश्विट्झमध्ये मारला गेला. ‘द ब्लू एंजल’मधला जादूगार कुर्ट गेरोनही तिथेच मेला. पॉमर सुटला, तो पॅरिसला गेला.

त्यानंतरची तेरा वर्षं मी भराभर सांगतो, कारण ती भराभरच बदलत गेली. पॅरिसमध्ये त्याने फॉक्ससाठी लांगचा ‘लिलिओम’ केला. मग हॉलिवूड, मग लंडन. चार्ल्स लॉटनबरोबर मेफ्लॉवर ही कंपनी काढली, तिथे ‘व्हेसल ऑफ रॅथ’ त्याने स्वतः दिग्दर्शित केला, आयुष्यातला एकमेव. हिचकॉकचा ‘जमैका इन’ही त्याच कंपनीचा. दुसरं महायुद्ध लागलं आणि तो अमेरिकेत आरकेओकडे गेला. तिथे डोरोथी आर्झनरचा ‘डान्स, गर्ल, डान्स’ त्याच्याच देखरेखीखाली झाला. 1941मध्ये हृदयविकाराचा झटका आला, करार गेला, काम मिळेना. ‘मेट्रोपोलिस’ला होकार देणारा हा माणूस आणि त्याची बायको गेर्ट्रूड काही काळ चिनीमातीच्या भांड्यांच्या कारखान्यात कामाला जात होते. दिग्दर्शक नव्या देशात आपली जुनी कामं दाखवू शकतो. निर्मात्यापाशी दाखवायला काय असतं? ओळखी, टेलिफोन, पत. त्या सीमेवरच राहतात.

(जाता जाता : मालाडच्या ओस्टेनने 1936मध्ये मुंबईत राहून नाझी पक्षाचं सभासदत्व घेतलं. ‘अछूत कन्या’ त्याच वर्षीचा. माणसं कप्प्याकप्प्यांत जगतात ती अशी. 1939मध्ये युद्ध सुरू होताच इंग्रजांनी बॉम्बे टॉकीजच्या जर्मनांना नजरकैदेत टाकलं. विर्शिंग नंतर इथेच राहिला आणि ‘महल’ व ‘पाकीझा’पर्यंत पोचला.)

1944मध्ये पॉमर अमेरिकन नागरिक झाला आणि जुलै 1946मध्ये अमेरिकन लष्करी प्रशासनाचा चित्रपट-निर्मिती नियंत्रण अधिकारी म्हणून जर्मनीत उतरला. कुणाला चित्रपट करण्याचा परवाना द्यायचा, कुठला स्टुडिओ दुरुस्त करायचा, कच्ची फिल्म कुणाला द्यायची, हे आता त्याच्या हाती. ज्या धंद्यानं हाकललं त्याचीच किल्ली. त्याचं बाबेल्सबर्ग रशियन विभागात गेलं होतं आणि तिथे डेफा ही कंपनी त्याच्या येण्याआधीच सुरूही झाली होती. अमेरिकन विभागात त्याच्या वाट्याला आले ते म्युनिचजवळचं गाइझेलगास्टाइग आणि बर्लिनचं टेम्पेलहोफ.

इथली त्याची स्थिती मला सगळ्यात अवघड वाटते. जर्मन चित्रपटवाल्यांना वाटलं, आपला जुना माणूस आला, आता उफाचे दिवस परत येणार. त्यांच्यापैकी कितीतरी जण त्या बारा वर्षांत निर्धास्त काम करत राहिलेले. तेच आता परवान्यासाठी रांगेत होते आणि प्रत्येकाकडे आपण मनातून विरोधातच होतो असं सांगणारी हकिकत होती. तिकडे हॉलिवूडला जर्मन चित्रपट व्यवसाय उभा राहण्यात काडीचा रस नव्हता. त्यांच्याकडे युद्धकाळात साठलेले शेकडो चित्रपट होते आणि जर्मनी ही त्यांना बाजारपेठ म्हणून हवी होती. त्यांच्या लेखी पॉमर फारच जर्मन होता. जर्मनांना तो, निराशा झाल्यावर, अमेरिकन वाटू लागला. 1925चा पारुफामेट ज्याने पाहिला होता, त्याला हा खेळ ओळखीचा असणार. तो जर्मन निर्मितीच्या बाजूने भांडत राहिला. उफासारखी एकच मक्तेदार कंपनी पुन्हा होऊ नये, हेही अमेरिकन धोरण राबवत राहिला. 1949मध्ये, सरकारी सेन्सॉरऐवजी व्यवसायानेच नेमलेली स्वयंनियंत्रण संस्था सुरू झाल्याच्या वर्षी, त्याने हे पद सोडलं.

त्याला राग होता का? सूड घ्यायची संधी त्याच्याइतकी क्वचित कुणाला मिळाली असेल. त्याच्या कामात मला सूड दिसत नाही, तशी माफीची जाहीर भाषाही दिसत नाही. दिसतं ते काम : कॅमेरे, कोळसा, परवाने, वेळापत्रक. काही जणांना ही अलिप्तता खुपते. मला ती त्याच्या पेशाची वाटते.

म्युनिचमध्ये त्याने स्वतःची छोटी कंपनी काढली आणि चार चित्रपट केले. पहिला, हान्स आल्बर्स आणि हिल्डेगार्ड क्नेफ यांचा ‘नाख्ट्स आउफ डेन श्ट्रासेन’, बरा चालला. शेवटचा 1955चा, ‘मुलं, आया आणि एक जनरल’. युद्धाच्या अखेरच्या दिवसांत पंधरा-पंधरा वर्षांची मुलं शाळा सोडून आघाडीवर पळतात आणि त्यांना परत आणायला त्यांच्या आया चिखलातून रणभूमीकडे निघतात. माक्सिमिलियान शेलची ही पहिलीच भूमिका, क्लाउस किन्स्कीही यात आहे. पश्चिम जर्मनी त्याच वर्षी पुन्हा सैन्य उभारायला निघाली होती आणि थिएटरांत डोंगर-कुरणांचे गोड चित्रपट जोरात होते. अशा वेळी पॉमरने हा विषय निवडला. बाजार ओळखणाऱ्या माणसाने तो न ओळखता केला असेल असं मला वाटत नाही.

1956मध्ये तो कॅलिफोर्नियाला परत गेला. 8 मे 1966 रोजी लॉस एंजेलिसमध्ये वारला.